सनईतला दहावा

कोपरखैरण्यात कुणाचं लग्न ठरलं की लोक हॉलच्या आधी ज्ञानाची तारीख घेतात. माझ्याच लग्नातली गोष्ट. भटजी अंतरपाट धरून उभे, मंगलाष्टकांचा सूर लागलेला, आणि ही बाई खांद्यावर कॅमेरा घेऊन ओरडली, "थांबा वो काका, नवऱ्याचं तोंड अंधारात हाय!" भटजी थांबले. माझे सासरे, ज्यांच्यापुढे घरात कुणी मोठ्यानं शिंकत नाही, तेही थांबले. तिनं मांडवातला एक दिवा हलवला, माझ्या होणाऱ्या नवऱ्याची हनुवटी दोन बोटांनी वर केली आणि मानेनंच खूण केली, की हं, लावा आता लग्न.

ज्ञाना म्हणजे ज्ञानेश्वरी जोतीराम फडतरे, माझी कॉलेजातली मैत्रीण. हसली की शेजारच्या खोलीतलं तान्हं पोर दचकून उठतं. माणसाला तोंडावर फाडून खाते आणि त्याच्या पाठीमागे त्याचीच बाजू घेऊन भांडते. या धंद्यात कशी आलीस, असं कुणी विचारलं तर साळसूदपणे म्हणते, "मामाचा धंदा हुता, शिकले." साफ खोटं! ती या धंद्यात आली ती स्वतःच्या प्रेमाचा दहावा घालून आणि त्याचा पिक्चर काढून; मामाचा कॅमेरा तिनं हातात घेतला तो त्यानंतर. मी त्या पिक्चरमध्ये हिरो होते. तेव्हा माझ्याइतकं हे सांगायचा हक्क दुसऱ्या कुणाला नाही.

सत्त्याण्णव साल. आम्ही वाशीच्या कॉलेजात बारावीला. मी सोसायटीतली. वडील मंत्रालयात, गॅलरीत तुळस, आणि घरात सारखं 'हळू बोल'. ज्ञाना रस्त्यापलीकडच्या माथाडी वसाहतीतली. तिचे वडील, जोतीरामकाका, तुर्भ्याच्या कांदाबटाटा बाजारात पाठीवर पोती वाहायचे. आई रंगूबाई खटाव तालुक्यातून आल्या त्या तिकडचा सगळा धाक पदरात बांधून आल्या. त्या घरात हळू बोल म्हणून कुणी सांगत नसे, म्हणून मी सारखी तिथेच पडलेली असायची.

सुयश माझ्याच बिल्डिंगमध्ये राहायचा. दिसायला बरा. बोलता बोलता केस मागे सारायचा आणि समोरच्यापेक्षा समोरच्याच्या चष्म्यातल्या स्वतःलाच जास्त बघायचा. ज्ञानाला तो का आवडला हे मला आजही कळलेलं नाही, पण आवडला. भयंकर आवडला. वर्षभर दोघं कॉलेजातून एकाच बसनं यायची आणि आमच्या स्टॉपवर उतरली की एकमेकांना ओळखत नसल्यासारखी चालायची. हे त्यानंच ठरवलेलं. ज्ञानाला त्यातही गंमत वाटायची.

मग एका शनिवारी वाशीला दोघं शेवपुरी खात असताना सुयशचे क्लासमधले मित्र आले. एकानं विचारलं, "ही कोण रे?" सुयश म्हणाला, "ही? आमच्या बिल्डिंगमधल्या श्रुतीची मैत्रीण आहे." मित्र गेले. तेव्हा तो म्हणाला, की हे बघ, आपलं काही जमायचं नाही, घरी चालणार नाही, तुझं बोलणंपण जरा... आणि बोलता बोलता त्यानं प्लेटमधली शेवटची पुरी उचलून तोंडात टाकली.

त्या पुरीचं तिनं फार मनाला लावून घेतलं. खरं तर त्याच्या वाक्याचं लागलं होतं, पण ते बोलायची सोय नव्हती, म्हणून ती पुरीचं बोलायची. "माझी पुरी हुती गं ती, श्रुते!" असं म्हणून रडायची. जेवण सुटलं. अभ्यास सुटला. हसणं सुटलं तेव्हा मात्र मी घाबरले. रंगूबाईंनी मीठमिरच्या ओवाळून टाकल्या, तरी उतार पडेना. मग त्यांनी त्यांच्या पद्धतीनं निदान केलं, की पोरीचं लग्नाचं वय झालंय, आणि गावाकडे स्थळ बघायला निरोप धाडला.

अशात वसाहतीतले एक म्हातारे आजोबा गेले. त्यांच्या दहाव्याला ज्ञाना आईबरोबर गेली आणि परत आली ती थेट माझ्या घरी. डोळे लकाकत होते. आईनं 'हळू बोल' म्हणायच्या आत तिनं मला जिन्यात ओढलं.

"श्रुते, कावळा शिवला आनि सगळी उठली गं! त्यांची म्हातारी, इतके दिस रडत हुती, ती बी उठली. पानी पिली. मान्सं जेवली, बोलली, एक जन तर हसला. मान्सू मेल्यावर दहा दिवसात मागच्यांना मोकळं करत्यात. मी कवाधरनं रडतीया, मला कुनी मोकळं करतंय का?"

"तू काय मेलीयेस का?"

"मी न्हाय. पन कायतरी मेलंय की! त्याचा दहावा घालायचा. आनि मामाच्या कॅमेऱ्यात त्याचा पिक्चर काढायचा. कॉमेडी!"

मी हसायला लागले. ती पण हसली, कितीतरी दिवसांनी. जिन्यात आवाज घुमला. मग ती म्हणाली, "आनि ह्यो पिक्चर रविवारी शिवतेजच्या केबलवर लावायचा. अख्खा सेक्टर बगंल. त्यो बी बगंल."

"मग?"

"मग काय? रडत यील."

हे ती हसत हसत म्हणाली. पण मी तिला ओळखत होते. सगळा पिक्चर त्या एका वाक्यासाठी होता. सुयशनं तो बघावा, त्याला कळावं आपण काय गमावलं, आणि त्यानं परत यावं. मला ते मुळीच आवडलं नाही. पण मैत्रीण हसली होती, आणि मला हिरोचं काम मिळणार होतं. मी गप्प बसले.

हिरो मी होणार हे ठरलेलंच होतं. सुयश माझ्या बिल्डिंगमधला, त्याची चाल, त्याचं केस सारणं मला पाठ. भावाचं जॅकेट घातलं, बाबांचा गॉगल लावला, काजळानं मिसरूड काढली आणि जिना उतरले तर खालून वर येणाऱ्या वॉचमननं मला विचारलं, "सुयशभैया, आज कॉलेज नहीं?" अहाहा! त्या दिवशी मला जे वाटलं ते पुढे बी.एस्सी. झाल्यावरही वाटलं नाही.

कॅमेरा होता ज्ञानाच्या दत्तूमामाचा. 'दत्तू व्हिडिओ शूटिंग' अशी पाटी लावलेली त्याची खोली वसाहतीच्या तोंडाशीच होती. दत्तूमामा भला माणूस. आयुष्यभर लग्नं, हळदी, बारशी आणि मुंजी काढून कंटाळलेला. पिक्चर म्हटल्यावर त्यानं पायांत चप्पल न घालताच कॅमेरा खांद्यावर घेतला. "माझं सपान हुतं गं हे," म्हणाला. फक्त त्याला संध्याकाळी दिघ्याला एका हळदीला जायचं होतं, त्यामुळे सगळं दुपारच्या आत उरकायचं होतं.

घोळ एवढाच झाला की दत्तूमामाच्या हाताला लग्नाशिवाय काही येत नव्हतं.

पहिला प्रसंग बसस्टॉपचा. मी केस मागे सारत उभी, ज्ञाना लाजत येते, असं ठरलं होतं. ती आली. दत्तूमामा म्हणाला, "हं, कॅमेऱ्यात बगा. हसा. नमस्कार करा." आम्ही सवयीनं केला! स्टॉपवर उभ्या असलेल्या सगळ्या माणसांवरून त्यानं रांगेनं कॅमेरा फिरवला आणि त्यांनीही एकेक करून नमस्कार केला. एका आजींनी तर पदर सारखा करून विचारलं, "कुणाचं लग्न आहे?"

दुसरा प्रसंग शेवपुरीचा. हा आमच्या कॉमेडीचा जीव होता. मी म्हणजे सुयश, मोठं भाषण ठोकत ठोकत ज्ञानाच्या पुढची एकेक पुरी खात जाते आणि शेवटी प्लेटही चाटते. मी जीव ओतून काम करत होते. शेवटची पुरी उचलली, तोंडाशी नेली, आणि दत्तूमामा म्हणाला, "आता तिला भरव."

"अहो मामा, मी तिला सोडून चाललोय!"

"सोड की. पन आदी घास भरव. जोडीचा घास घेतल्याबिगर म्या कधी फुडं गेलो न्हाय."

दिघ्याच्या हळदीची वेळ जवळ येत होती. मी घास भरवला. ज्ञानानं तो खाल्ला, आणि खाता खाता तिला असं काही हसू फुटलं की शेव माझ्या गॉगलवर उडाली. शेवपुरीवाला भय्यापण हसायला लागला. दत्तूमामा खूश. "असं हसत ऱ्हायचं, पाव्हनी बगत्यात," म्हणाला.

तिसरा प्रसंग दहाव्याचा. तो खाडीवर घ्यायचा होता, बोनकोडे गावाच्या पलीकडे, तिवरांच्या कडेला. तिथे कावळे हवे तेवढे. एरवी कोपरखैरण्याचा कावळा हातातला वडा पळवतो, त्यामुळे आम्ही निर्धास्त होतो. ज्ञानानं पत्रावळ मांडली. भाताचा पिंड, त्यावर काळे तीळ, आणि बाजूला, गेलेल्याच्या आवडीचं ठेवतात म्हणून, कागदात बांधून आणलेली शेवपुरी. मी जॅकेट, गॉगल आणि मिसरूड तशीच ठेवून भटजी झाले होते, खांद्यावर टॉवेल टाकून. ज्ञाना हात जोडून बसली. तिनं ठरवलेलं वाक्य म्हटलं, "हे माझ्या येडेपना, तू आता सुखानं जा." आणि आम्ही बाजूला झालो.

कावळा येईना.

समोरच्या तारेवर ओळीनं बसलेले. एक मान वाकडी करून पिंडाकडे बघतोय, एक चोच घासतोय. खाली उतरेना एकही. दत्तूमामानं कॅमेरा सुरूच ठेवला होता. मी कावकाव करून बघितलं. ज्ञानानं पुरी जरा पुढे सारली. छे! दत्तूमामा घड्याळाकडे बघून म्हणाला, "असंल काय तरी इच्छा ऱ्हायलेली. सबूद द्या काय तरी."

त्यावर आम्ही धमाल सुरू केली. मी म्हटलं, "ज्ञाना सुयशच्या खिडकीखालून जाणार नाही!" कावळा नाही. "ज्ञाना फिजिक्समध्ये पास होईल!" कावळ्यांनी तोंडच फिरवलं. दत्तूमामा कॅमेऱ्यामागून ओरडला, "तुझ्या लग्नाची कॅसेट फुकट काढीन!" तरी नाही. आम्ही हसून हसून वाकलो होतो. आणि तेवढ्यात तिवरांच्या कडेनं रंगूबाई येताना दिसल्या, धावत, अनवाणी, केस सुटलेले.

बोनकोड्याची मासळीवाली सुमित्राबाई वसाहतीत मासे विकायला गेली होती. तिनं त्यांना दारातच विचारलं होतं, "तुजी पोर खाडीवर पिंड घेऊन बसलीय, कोन गेला गो तुमचा?" जोतीरामकाका बाजारात कामावर होते. त्या बाईच्या मनात वाटेत काय काय येऊन गेलं असेल!

त्यांनी आधी मला पाहिलं, मिसरूडवाली. मग भाऊ पाहिला, कॅमेरा घेतलेला. मग पिंड. मग त्यांना दम लागला आणि दमाबरोबर शब्द फुटले.

"कुनाचं हाय ह्ये? कोन मेलं?"

"कुनी न्हाय आये. पिक्चर हाय."

"पिक्चर! जित्या मान्साचं दिस घालतीस? कार्टे, कुनाचं नाव घेतलंस?"

ज्ञाना उभी राहिली. तिची जीभ कधी अडखळत नाही, तेव्हा अडखळली. "कुनाचं न्हाय. माझंच. एक पोरगं हुतं. त्यानं... झालं ते झालं. त्याचं मनातलं जावं म्हनून घातलं."

मला वाटलं आता थोबाडात बसते. दत्तूमामानं तर कॅमेरा सावरून एक पाऊल मागे घेतलं. रंगूबाई लेकीकडे बघत राहिल्या. वाळलेलं तोंड, खोल गेलेले डोळे, हे सगळं त्यांनी रोज पाहिलं होतं, पण कारण आत्ता कळत होतं. मग त्यांची नजर पिंडाकडे गेली. मग तारेवर.

"कवाचा मांडलाय?"

"झाला लई येळ. शिवंना."

रंगूबाईंनी केस बांधले, पदर खोचला आणि पत्रावळीसमोर मांडी घालून बसल्या. "मांडायचा न्हवता. पन आता मांडलाय तर शिवल्याबिगर उठायचं न्हाय. असा टाकून गेलं तर जन्माचं मागं लागंल." आणि त्यांनी हात जोडून, अगदी मनापासून, कावळ्यांना सांगितलं, "बाबांनो, पोरीचं मन गुतलंय, म्या वळखलं न्हाय. तिचं लगीन एवढ्यात लावनार न्हाय. तिला शिकायचं तेवढं शिकू दे. गावाकडचं स्थळ मोडते. ह्यो माझा सबूद."

ज्ञानाच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. माझ्याही. काजळाची मिसरूड ओठांवर उतरली. आता तरी यायला हवा होता कावळा! नाही आला.

"आता तू बोल," रंगूबाई म्हणाल्या. "आमचं बोलून झालं. अडलंय तुझ्यापाशी. खरं काय ऱ्हायलंय त्ये बोल. पिक्चरातलं नगं."

ज्ञाना बसली. वारा होता, खाडीला भरती लागत होती. ती पिंडाकडे बघून हळूहळू बोलायला लागली, आणि तिला हळू बोलताना मी पहिल्यांदाच ऐकलं.

"मला वाटत हुतं, त्यानं ह्यो पिक्चर बगावा. त्यानंच बगावा. बाकी कुनी न्हाय बगितला तरी चालंल. बगावा, आनि माझ्याकडं यावं, आनि चार लोकांत म्हनावं, की ही माझी हाय. एवढ्यासाठी सगळं केलं. मी त्याला सोडायला आलेच न्हवते हितं, बोलवायला आले हुते." तिनं नाक पुसलं. "आता न्हाय दाखवायचा. सगळ्या सेक्टरला दाखवीन, त्याला न्हाय. शप्पत."

पंखांचा आवाज झाला. तारेवरचा तो मान वाकडी करणारा कावळा खाली उतरला, पत्रावळीच्या कडेनं दोन उड्या मारल्या आणि पिंडात चोच घातली. मग पुरी उचलली आणि उडाला!

मी किंचाळले. दत्तूमामा "शिवला! शिवला!" करत कॅमेऱ्यासकट नाचायला लागला. रंगूबाईंनी लेकीला असं कवटाळलं की दोघी चिखलात कलंडल्या. आणि ज्ञाना, चिखलात पडलेली, माकडासारखी हसत होती. तेच जुनं हसू, तान्ह्या पोरांना उठवणारं. आनंद आनंद म्हणतात तो मी त्या दिवशी खाडीवर पाहिला, तिवरांच्या वासासकट.

दत्तूमामानं कावळा मात्र घेतलाच नाही. अक्षता पडायच्या वेळी कॅमेरा माणसांच्या तोंडांवर न्यायचा, ही त्याची वर्षानुवर्षांची सवय. कावळा उतरला त्या क्षणी त्यानं कॅमेरा आमच्याकडे वळवला होता.

कॅसेट मिक्सिंगला ठाण्याला गेली. दत्तूमामाचा तिथला मिक्सिंगवाला नेहमीचा. त्याला कुणी काही सांगितलं नाही आणि त्यानं काही विचारलं नाही. दत्तूमामाची कॅसेट, म्हणजे लग्न. त्यानं सुरुवातीला गणपती टाकला, 'शुभविवाह' टाकलं, आमची सगळी बोलणी पुसली आणि अथपासून इतिपर्यंत सनई भरली! मी ज्ञानाला सोडून जाते तिथे उमलणारा गुलाब. पिंड बदामाच्या आकारात गोल गोल फिरतोय. आम्ही दत्तूमामाच्या खोलीत पहिल्यांदा बघितलं तेव्हा मी रडकुंडीला आले. माझी सगळी भाषणं गेली होती.

ज्ञाना म्हणाली, "बरं झालं. खाडीवर बोलले त्ये बी गेलं." मग उठली. "चल, शिवतेजकडं."

शिवतेज आमच्या सेक्टरचा केबलवाला. त्याची वायर गच्चीवरून गच्चीवर गेलेली, आणि दुपारी तो स्वतःच्या व्हीसीआरवर सगळ्यांना एक पिक्चर दाखवायचा. रविवारची दुपार द्यायला तो एका पायावर तयार झाला. पण ज्ञाना म्हणाली, तेवढा वेळ श्रुतीच्या बिल्डिंगची वायर काढायची, तेव्हा तो ताडकन उठला.

"डोक्यावर पडलीस का? बिल्डिंगवाले माझा बूस्टर फोडतील. रविवारची दुपार हाय!"

"आणि मी कुठे बघू?" मी पण भडकले. सुयशची बिल्डिंग तीच माझी बिल्डिंग. माझ्या आईबाबांना मी टीव्हीवर दिसणार नव्हते. अर्थात मिसरूड लावलेली दिसणार नव्हते, हा विचार नंतर आला.

रंगूबाई मागे उभ्या होत्या. त्या एवढंच म्हणाल्या, "कावळ्याला सबूद दिलाय, बाबा." शिवतेज मूळचा त्यांच्याच बाजूचा. तो खाली बसला. त्याच्या आजोबांच्या वेळी कावळा शिवत नव्हता तेव्हा अख्खी भावकी उन्हात ताटकळली होती, ते त्याला आठवलं असावं. "मग आधी का न्हाय सांगितलं? काढतो," म्हणाला. "बिघाड झालाय म्हनून सांगीन."

रविवारी दुपारी ज्ञानाची खोली खच्चून भरली. खिडकीत माणसं, दाराला टेकून माणसं. जोतीरामकाका टीव्हीसमोर, पिक्चर कशाचा आहे याची त्यांना फक्त 'कालेजातली गंमत' एवढीच कल्पना. सनई सुरू झाली, 'शुभविवाह' आलं, आणि माणसांनी एकमेकांकडे बघितलं. तेव्हा ज्ञाना उठून टीव्हीशेजारी उभी राहिली आणि सगळ्यांचे आवाज तिनं एकटीनं काढायला सुरुवात केली. माझा, तिचा, बसस्टॉपवरच्या आजींचा. मला ज्या वाक्यांसाठी रडू आलं होतं त्यापेक्षा दुप्पट चांगली वाक्यं तिनं जागेवर बनवली. मी सनईच्या तालावर पुऱ्या खात होते, गुलाब उमलत होता, आणि लोक एकमेकांच्या अंगावर पडत होते. भिंतीपलीकडच्या, त्याच्या पलीकडच्या, साऱ्या खोल्यांतून हसण्याच्या लाटा येत होत्या. सगळी वसाहत तोच पिक्चर बघत होती. मला अभिमानानं बसवेना.

पडद्यावर खाडी आली, आणि दारावर थाप पडली. दारापाशी बसलेली माणसं बाजूला सरकली, दार उघडलं. दारात सुयश.

पडद्यावर मी, मिसरूड लावलेली. दारात तो, खरी मिसरूड असलेला. टीव्ही दाराच्याच भिंतीला, आतल्या बाजूला होता, त्याला दारातून फक्त आमची तोंडं दिसत होती. ज्ञाना पुढे झाली आणि चौकटीत उभी राहिली, दोन्ही हात दोन्ही बाजूंना टेकून. किती महिने याच क्षणासाठी जीव टाकला होता तिनं. तो आपल्या पायांनी आला होता, चार लोकांत.

"आमची केबल गेलीय," सुयश म्हणाला. आतल्या गर्दीकडे बघून त्यानं केस मागे सारले. "सगळीकडे काहीतरी चाललंय म्हणतात. तुझं काहीतरी आहे ना? मी बघू?"



"शिवतेज गच्चीवर असंल," ज्ञाना म्हणाली. आवाज नेहमीचा, मोठा. "त्याला इचार. हितं कार्य हाय घरात." आणि तिनं दार लावलं. आपटलं नाही. आपण दूधवाल्याच्या मागे लावतो तसं लावलं.

"कोन हुतं गं?" जोतीरामकाकांनी विचारलं.

"कुनी न्हाय, दादा. एक पोरगं. केबलचं इचाराय आलतं."

ती परत टीव्हीशेजारी येऊन उभी राहिली. पडद्यावरची ज्ञाना पिंडासमोर बसली होती. ओठ हलत होते, वर सनई. ते बोलणं माहीत असलेले आम्ही तिघंच होतो. रंगूबाई मान खाली घालून पदराचं टोक पिळत होत्या, दत्तूमामा छताकडे बघत होता.

"इथं काय म्हनलीस?" जोतीरामकाका म्हणाले. "लई येळ बोलतीयास. सांग की!"

सगळी खोली तिच्याकडे बघायला लागली. ज्ञानानं पडद्यावरच्या स्वतःकडे पाहिलं. त्या वाळक्या तोंडाच्या पोरीकडे ती क्षणभर अशी बघत राहिली की मला वाटलं आता रडते. मग तिनं कमरेवर हात ठेवला.

"म्हनलं, ये की लवकर, कावळ्या! ऊन लागतंय. आनि मला लई भूक लागलीया!"

खोली फुटली. पडद्यावर आमची तोंडं एकदम वर झाली, डोळे मोठे झाले, रंगूबाईंनी लेकीला कवटाळलं, दोघी चिखलात पडल्या, आणि खिडकीतली माणसं, दारापाशी बसलेली माणसं, भिंतीपलीकडची माणसं एका सुरात ओरडली, "शिवला! शिवला!" मीपण ओरडत होते. रंगूबाई ओरडत होत्या.

जोतीरामकाका तेवढे पुढे वाकून पडदा शोधत होते. "आरं, कुठं शिवला? मला कावळा दिसलाच न्हाय."

"शिवून गेला, दादा," ज्ञाना म्हणाली. "मी बगितलाय."